टी-कसोटी, दोन माध्यांची

दोन समष्टींची (ज्यांतून नमुने घेतात त्या संपूर्ण गटांची) माध्ये, म्हणजे सरासऱ्या, समान मानता येतील की नाही, हे त्यांतून घेतलेल्या नमुन्यांवरून तपासण्याची संख्याशास्त्रीय रीत. शैक्षणिक संशोधनात ‘टी-परीक्षिका’ हे नाव अधिक रूढ आहे. नमुन्यांच्या माध्यांतील फरकाला त्या फरकाच्या प्रमाण त्रुटीने (नमुन्यागणिक तो किती हलतो याच्या मापाने) भागले की टी-मूल्य मिळते. समष्टीचे प्रचरण (मूल्ये किती विखुरली आहेत याचे माप) ठाऊक नसते, तेही त्याच नमुन्यावरून अदमासावे लागते. त्यामुळे या गुणोत्तराचे वंटन (कोणते मूल्य किती वेळा येते याची विभागणी) प्रसामान्य, म्हणजे नेहमीचे घंटाकृती, न राहता टोकांकडे जाड होते. दुहेरी कसोटीत (फरक कोणत्याही दिशेचा असो) ५ टक्के सार्थकता पातळीला (फरक नसताना तो आहे असे ठरण्याची इतकी जोखीम पत्करून) प्रसामान्य वंटनाची मर्यादा १.९६ आहे, स्वातंत्र्य मात्रा (स्वतंत्रपणे बदलू शकणाऱ्या मूल्यांची संख्या) ९ असताना ती २.२६२, तर ४ असताना २.७७६ होते.

या वंटनाचे श्रेय सामान्यतः विल्यम सीली गॉसेट (१८७६–१९३७) यांना दिले जाते. ते डब्लिनच्या गिनेस मद्यनिर्मितीगृहात १८९९ पासून काम करीत होते आणि मोजक्याच प्रयोगांवरून निष्कर्ष काढण्याची अडचण त्यांना तिथेच जाणवली. त्यांचा लेख १९०८ मध्ये ‘बायोमेट्रिका’ या नियतकालिकात ‘स्टुडंट’ या टोपणनावाने आला. टोपणनावामागे बहुधा कंपनीचे प्रकाशनविषयक निर्बंध असावेत. सूत्राची सिद्धता लेखात अपुरी होती. पडताळ्यासाठी गॉसेट यांनी ३,००० गुन्हेगारांची उंची आणि डाव्या मधल्या बोटाची लांबी पुठ्ठ्याच्या तुकड्यांवर लिहिली, तुकडे चांगले पिसले आणि चार-चारांचे ७५० नमुने केले. संगणकावर आज क्षणात होणारे हे काम त्यांनी हातांनी केले, ही बाब विशेष नोंदवावीशी वाटते.

अग्रक्रमाबद्दल मात्र मतभेद आहेत. याकोब ल्यूरोट यांनी १८७६ मध्ये व एजवर्थ यांनी १८८३ मध्ये याच स्वरूपाचे वंटन मिळविले होते. पण दोघांचा मार्ग व्यस्त संभाव्यतेचा (निरीक्षणांवरून अज्ञात राशीची संभाव्यता काढण्याचा) होता आणि लहान नमुन्याची कसोटी हा त्यांचा प्रश्न नव्हता. त्यामुळे वंटनाचे बीज जुने, पण कसोटी गॉसेट यांची, हे मत अधिक ग्राह्य दिसते. त्यातही एक भेद विसरला जातो: १९०८ च्या लेखात एका माध्याचीच कसोटी आहे. दोन स्वतंत्र नमुन्यांचे रूप, स्वातंत्र्य मात्रांची आजची मांडणी आणि मूळच्या झेड या राशीऐवजी टी, हे रोनाल्ड फिशर यांच्या १९२५ च्या लेखनातून स्थिरावले. काटेकोर सिद्धताही फिशर यांचीच (१९१५).

स्टुडंटच्या लेखातील प्रसिद्ध उदाहरण कुश्नी व पीबल्स यांच्या १९०५ च्या निद्राविषयक मापनांचे आहे. दहा रुग्णांना दोन औषधे दिल्यावर झोपेत झालेली सरासरी वाढ अनुक्रमे ०.७५ व २.३३ तास होती. (औषधांची नावे त्या लेखात चुकली होती आणि ती चूक पुढे बराच काळ उतरवली गेली.) प्रत्येक रुग्णाचा फरक घेतला, तर सरासरी फरक १.५८ तास, टी ४.०६ आणि स्वातंत्र्य मात्रा ९ येते. औषधांत फरक नसताना इतका किंवा याहून मोठा टी येण्याची संभाव्यता सुमारे ०.००३. हेच वीस आकडे दोन वेगळ्या गटांचे समजून मांडले, तर टी १.८६ पर्यंत घसरतो आणि संभाव्यता ०.०७९ होते. वरचा अंक, म्हणजे माध्यांतील फरक, दोन्हीकडे तोच. बदलतो तो भाजक. एका औषधाने ज्याला जास्त झोप लागली त्याला दुसऱ्यानेही बहुधा जास्त लागली, आणि जोडी लावल्यावर रुग्णारुग्णांमधला हा फरक गळून पडतो. म्हणून जोडीची कसोटी लावायची की स्वतंत्र गटांची, हे प्रयोगाच्या रचनेवरून ठरते, उत्तर पाहून ठरवायचे नसते.

स्वतंत्र गटांच्या फिशर-रूपात दोन्ही समष्टींचे प्रचरण समान धरतात आणि दोन्ही नमुन्यांतील विचलनवर्गांच्या बेरजा एकत्र करून एकच अदमास काढतात. प्रचरणे असमान असतील आणि लहान नमुन्याचे प्रचरण मोठे असेल, तर ही कसोटी नसलेला फरक वाजवीपेक्षा अधिक वेळा ‘सार्थ’ ठरवते. असमान प्रचरणांचा हा प्रश्न बेरेन्स–फिशर समस्या म्हणून ओळखला जातो. बेरेन्स यांनी १९२९ मध्ये दिलेले उत्तर फिशर यांनी १९३५ मध्ये आपल्या ‘फिड्यूशियल’ (नमुन्यावरून थेट अज्ञात राशीबद्दल संभाव्यता सांगणाऱ्या) तर्काने उचलून धरले. पुन्हापुन्हा नमुने घेतल्यास त्रुटीचे प्रमाण ठरल्याप्रमाणे राहत नाही, असा आक्षेप बार्टलेट यांनी घेतला आणि वाद लांबला. व्यवहारात टिकला तो वेल्च यांचा मार्ग (१९३८, १९४७): प्रचरणे एकत्र न करता प्रत्येक नमुन्याचे प्रचरण त्याच्या नमुनासंख्येने भागून बेरीज घ्यायची आणि स्वातंत्र्य मात्रा आसन्न (अंदाजे उत्तर देणाऱ्या) सूत्राने काढायची. ती अपूर्णांकात येऊ शकते. वरील उदाहरणात १७.७८ येते. सॅटरथ्वेट यांचे १९४६ चे सूत्र याच वळणाचे आहे. आधी प्रचरणांची समानता तपासून मग रूप निवडण्याची पद्धत अनेक पाठ्यपुस्तकांत आहे, पण लहान नमुन्यात ती पहिली तपासणीच दुबळी असते. सुरुवातीपासून वेल्चचे रूप वापरणे अधिक सुरक्षित.

प्रसामान्यतेपासूनचे थोडे विचलन ही कसोटी सहन करते. निरीक्षणे परस्परावलंबी असतील, तर मात्र तिच्या निष्कर्षावर भिस्त ठेवता येत नाही. प्रसामान्यता गृहीत धरायची नसेल, तर पर्याय म्हणून विल्कॉक्सन (१९४५) आणि मान व व्हिटनी (१९४७) यांच्या कसोट्या आहेत; त्या मूल्यांऐवजी त्यांच्या क्रमांकांवर आधारलेल्या आहेत. अनेक चलांच्या माध्यांसाठी हॉटेलिंग यांनी १९३१ मध्ये टी-वर्ग ही राशी मांडली. दोन नमुन्यांच्या बाबतीत ती महालनोबिस यांच्या डी-वर्ग अंतराच्या सम प्रमाणात असते.