पिंपाच्या झाकणावरचे पाहुणे

जुलैतल्या एका सकाळी आमच्या मुलुंडच्या सोसायटीतल्या खताच्या पिंपाचं झाकण उघडलं आणि शेजारच्या काकू दोन पावलं मागे सरकल्या. भिजलेल्या केळीच्या सालींवर पांढरे धागे वळवळत होते. "अगं बाई, जंत पडलेत! आधी फिनेल ओत त्यात." मी त्यांचा हात धरला. फिनेल पडलं असतं, तर दोन महिन्यांची मेहनत वाया गेली असती.

डोळ्यांना दिसत होते ते सेंटिमीटरभर लांबीचे जीव म्हणजे गांडुळांचे धाकटे भाऊबंद. भिंगातून पाहिलं तर त्यांच्या अंगावर गांडुळासारखी वलयं दिसतात. मला काकूंना दाखवायचे होते ते सूत्रकृमी, म्हणजे दोऱ्यासारखे बारीक कृमी (नेमाटोड). त्यांची लांबी बहुतेक वेळा एक मिलिमीटरच्या आत आणि अंग काचेसारखं पारदर्शक, त्यामुळे चमचाभर खतात शेकड्यांनी असले तरी नुसत्या डोळ्यांना पत्ता लागत नाही.

ते पकडायला चहाची गाळणी पुरते. गाळणीत टिश्यू पेपर, त्यावर चमचाभर खत, आणि गाळणी पाण्याच्या पेल्यावर अशी ठेवायची की खताचा तळ पाण्याला टेकेल. सूत्रकृमी वळवळत कागदातून खाली उतरतात, आणि पाण्यात वर पोहणं त्यांना जमत नसल्याने रात्रभरात तळाशी जमतात. माणसाच्या आतड्यात राहणाऱ्या हुकवर्म या जंताच्या मातीतल्या अळ्या शोधण्यासाठी बेअरमान नावाच्या संशोधकाने १९१७ मध्ये हीच युक्ती मांडली होती.

सकाळी तळाचा एक थेंब भाच्याच्या सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला आणि काकूंना बोलावलं. थेंबात दहा-बारा जीव सापासारखे वळत होते. यांच्या अंगात फक्त लांबीच्या दिशेचे स्नायू असतात, म्हणून त्यांना गांडुळासारखं आखडता-पसरता येत नाही, नुसतं वळता येतं. "याचं हृदय बघ कसं धडधडतंय," काकू म्हणाल्या. पण सूत्रकृमीला हृदय नसतंच. घशातला तो गोळा म्हणजे जातं. तोंडातून ओढलेले जिवाणू त्यात भरडले जातात.

खताचं खरं काम या जात्यात होतं. ओला कचरा कुजवतात ते जिवाणू, पण कुजवताना कचऱ्यातला नायट्रोजन ते स्वतःच्या अंगात साठवून ठेवतात. तिथे तो आहे तोवर तुळशीच्या मुळांना त्याचा काही उपयोग नाही. सूत्रकृमी जिवाणू खातो तेव्हा त्याला हवा त्याहून जास्त नायट्रोजन मिळतो, कारण जिवाणूंच्या शरीरात कार्बनच्या मानाने नायट्रोजन अधिक असतो. जास्तीचा नायट्रोजन तो अमोनियमच्या रूपात बाहेर टाकतो, आणि तो मुळांना घेता येतो. शिवाय सूत्रकृमी हिंडतो तिथे जिवाणू पसरवत जातो. जिवाणूंची संख्या तो आवरतो, तरी उरलेल्यांची वाढ जोमात चालते.

त्यांच्या येण्यालाही क्रम आहे. मोठा ढीग तापून ५५-६० अंशांवर गेला की बहुतेक सूत्रकृमी मरतात. ढीग निवला की आधी जिवाणू खाणारे परततात, मग इतर सूत्रकृमींवर ताव मारणारे वाढतात, आणि खत पिकत आलं की बुरशी खाणाऱ्यांचं प्रमाण वाढतं. त्यामुळे कोण किती आहेत हे पाहून खत किती तयार झालंय याचा अंदाज घेता येतो.

सगळेच सूत्रकृमी उपकारी नसतात. टोमॅटो-वांग्याच्या मुळांवर गाठी आणणारे सुईसारख्या तोंडाने मुळातला रस शोषतात. कुंडीतलं रोप उगाच मलूल पडलं तर उपटून मुळं बघावीत. पण एका जातीच्या रागापायी सगळ्यांवर औषध मारणं मला पटत नाही. २०१९ मध्ये शास्त्रज्ञांनी जगभरच्या मातीचे नमुने तपासून हिशेब मांडला, त्यानुसार जमिनीवरच्या दर पाच प्राण्यांपैकी सुमारे चार सूत्रकृमी आहेत.

आमच्या पिंपात खरी अडचण होती ती पाण्याची. मुंबईच्या पावसात झाकण फटीतून गळतं, खत चिकट होतं, हवा कोंडते, आणि वास सुटतो. सूत्रकृमींना कणांभोवती पाण्याचा पातळ थर हवा असतो, पण श्वासाला हवाही लागते. आम्ही सुकी पानं आणि लाकडाचा भुसा मिसळला, काठीने ढवळलं, आणि आठवड्यात वास गेला.

ऑगस्टमध्ये काकूंनीच झाकणाच्या आतल्या बाजूची ओली चकाकी दाखवली. मी त्यातला एक थेंब तपासला, तर त्यात सूत्रकृमींच्या अळ्या होत्या. अन्न संपत आलं आणि गर्दी वाढली की काही जातींच्या अळ्या जाड कातडीच्या, न खाता तग धरणाऱ्या अवस्थेत जातात आणि कित्येक आठवडे तशाच राहतात. मग त्या उंच जागी चढतात, शेपटीवर उभ्या राहून अंग हवेत हलवतात, आणि जवळून जाणाऱ्या एखाद्या किड्याला किंवा गोगलगायीला चिकटून नव्या कुजक्या फळापर्यंत पोहोचतात. पिंपाच्या कडेवरून त्या वेळी एक गोगलगाय चालली होती, आणि काकूंनी तिला हटवलं नाही.