काळा धागा : ट्रिकसीन करणाऱ्यांची परंपरा

१९३७ साली मुंबईत विजय भट्ट यांचा ‘ख्वाब की दुनिया’ हा बोलपट आला. त्यात अदृश्य माणूस होता. माणूस दिसत नाही, पण वस्तू मात्र हवेतून इकडून तिकडे जातात! असा कॅमेऱ्याच्या युक्तीने घडवलेला चमत्कार म्हणजे ट्रिकसीन. ही करामत विशीही न गाठलेल्या बाबूभाई मिस्त्री या सुरतेच्या पोराची. युक्ती म्हणाल तर अगदी साधी: मागे काळा पडदा आणि वस्तूला बांधलेला काळा धागा. प्रकाश असा टाकायचा की वस्तू उजळावी आणि धागा काळ्यात बुडून जावा. तेव्हापासून चित्रपटसृष्टीत बाबूभाईंना ‘काला धागा’ हेच नाव पडलं.

अर्थात या कलेचा उगम आणखी मागे, आपल्या दादासाहेब फाळक्यांपाशी आहे. फाळके स्वतः जादूचे प्रयोग करत, आडनाव उलटं करून ‘प्रोफेसर केल्फा’ म्हणून. वाटाण्याचा वेल उगवताना दाखवायला त्यांनी थांबून थांबून एकेक चित्र टिपलं होतं. ‘लंकादहन’ (१९१७) आणि ‘कालिया मर्दन’ (१९१९) चालले त्यात पुराणकथेवरच्या श्रद्धेइतकाच या चमत्कारांचाही वाटा होता, असं मला वाटतं. पुढे प्रभातच्या संतपटांनीही हा वारसा चालवला. ‘संत ज्ञानेश्वर’मधली चालती भिंत आठवा.

त्या काळी जे काही करायचं ते बहुतेक कॅमेऱ्यातच. दुहेरी भूमिका हवी असेल तर भिंगाची अर्धी बाजू झाकायची आणि नटाला उघड्या बाजूला उभं करून प्रसंग टिपायचा. मग फिल्म मोजून तेवढीच मागे गुंडाळायची, झाकण दुसऱ्या बाजूला लावायचं आणि नटाला कपडे बदलून पुन्हा उभं करायचं. दरम्यान कॅमेरा केसभरही हलता कामा नये. मोजणी चुकली तर आधीचं चांगलं चित्रीकरणही वाया, कारण दोन्ही एकाच निगेटिव्हवर. जळणारी नगरी किंवा बुडणारं जहाज छोट्या प्रतिकृतीत करायचं, तर कॅमेऱ्यातली फिल्म नेहमीपेक्षा वेगाने फिरवायची. मग पडद्यावर ज्वाळा आणि लाटा संथ होतात, भारदस्त दिसतात. नाहीतर बादलीतलं पाणी बादलीतलंच दिसतं.

निर्माते-दिग्दर्शक होमी वाडियांकडे बाबूभाईंनी मारधाडपटांची नायिका नाडिया हिच्या दुहेरी भूमिकेचा ‘मुकाबला’ (१९४२) केला. त्याच्या दिग्दर्शनातही त्यांचा वाटा होता. पुढे ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) आणि ‘पारसमणि’ (१९६३) त्यांनीच दिग्दर्शित केले. ‘पारसमणि’ आज लक्ष्मीकांत-प्यारेलाल यांचा पहिला चित्रपट म्हणून सांगितला जातो. तो कुणी घडवला, हे विचारलंत तर जाणकारही जरा थबकतात.

असं का व्हावं? कारागीर लपला तरच चमत्कार खरा वाटतो, हे नेहमीचं उत्तर आहेच. मला ते अपुरं वाटतं. ही माणसं ज्या पौराणिक, जादूच्या, मारधाडीच्या चित्रपटांत राबली, त्यांना लिहित्या वर्गाने कधी बरोबरीत बसवलंच नाही. सामाजिक चित्रपटांवर लेख आले आणि अलिबाबा-हातिमताईच्या वाट्याला आल्या शिट्ट्या. त्यातच हे काम शिकायला शाळा नव्हती. उस्तादाच्या हाताखाली राहायचं, बघायचं, करायचं. काय केलं ते लिहून ठेवायची पद्धत नसल्याने पुष्कळसं ज्ञान माणसांबरोबरच गेलं.

बाबूभाईंच्या हाताखालीच तयार झालेले पीटर परेरा. ‘मिस्टर इंडिया’चे (१९८७) ट्रिकसीन त्यांचे. म्हणजे बरोबर पन्नास वर्षांनी अदृश्य माणूस पुन्हा आला, आणि तोही संगणकाची मदत न घेता! नव्वदीनंतर संगणक स्थिरावला, तसं तारा लपवण्याचं कारणच उरलं नाही. नटाला जाड दोरखंडाने टांगा, दोर नंतर पुसता येतो. बाबूभाई २०१० मध्ये मुंबईत वारले. तोवर त्यांच्या कामाची जागा संगणकासमोर बसणाऱ्या शेकडो मुलामुलींनी घेतली होती. श्रेयनामावलीत त्यांची नावं येतात खरी, पण तोवर प्रेक्षक पार्किंगपर्यंत पोचलेला असतो.