सतरा सेकंदांचं व्हायोलिन

सिनेमात आवाज १९२७ ला आला असं आपण सरसकट म्हणून टाकतो, पण ही खटपट सिनेमाइतकीच जुनी आहे. एडिसनला मुळात आपल्या फोनोग्राफच्या, म्हणजे आवाज नोंदवून परत वाजवणाऱ्या यंत्राच्या, जोडीला चित्रच हवं होतं, आणि ते काम प्रत्यक्षात केलं त्याच्याकडच्या विल्यम डिक्सनने.

१८९४-९५ च्या सुमाराला न्यू जर्सीत वेस्ट ऑरेंजला डिक्सनने एक फिल्म घेतली, जेमतेम सतरा सेकंदांची. आवाज टिपणारा भला मोठा कर्णा, त्याच्यासमोर डिक्सन स्वतः व्हायोलिन वाजवतोय आणि शेजारी दोन पुरुष एकमेकांना धरून नाचतायत, बस इतकंच, आणि आवाज नोंदला जातोय फोनोग्राफच्या मेणाच्या नळकांड्यावर. पुढे चित्र एकीकडे राहिलं, आवाज दुसरीकडे. नळकांडं फुटलेल्या अवस्थेत संग्रहात पडून होतं, ते १९९८ ला जोडलं आणि २००० मध्ये वॉल्टर मर्च या सिनेमाच्या एडिटरने व्हायोलिनच्या गजाची हालचाल आणि सूर जुळवून दोन्ही एकत्र आणलं. वाजवायच्या आधी कुणीतरी बाकीच्यांना विचारतो, तयार का, करा सुरू! शंभर वर्षांनी तो आवाज ऐकताना अंगावर काटा येतो खरंच.

खरी अडचण हीच होती, चित्राचं आणि आवाजाचं अशी दोन मशिनं दोन जागी. १९१३ ला एडिसनने परत प्रयत्न केला तेव्हा फोनोग्राफ पडद्यामागे, प्रोजेक्टर थिएटरच्या मागच्या टोकाला आणि मधे कप्प्यांवरून ओढलेली लांबच लांब दोरी, मग सिंक, म्हणजे चित्र आणि आवाजाचा मेळ, जाणार नाही तर काय. शिवाय अख्ख्या हॉलला ऐकू जाईल इतका आवाज नुसत्या कर्ण्यातून निघायचा नाही, फ्रान्समध्ये गोमाँ या सिनेमा कंपनीने त्यासाठी दाबलेली हवासुद्धा वापरून बघितली. हे आवाजाचं कोडं सुटलं व्हॉल्व्हवाल्या (काचेच्या इलेक्ट्रॉनिक नळीच्या) अॅम्प्लिफायरमुळे, म्हणजे आवाज मोठा करणाऱ्या यंत्रामुळे, आणि ज्याचा ऑडिऑन व्हॉल्व्ह त्यामागे होता त्या ली डी फॉरेस्टने १९२३ ला न्यूयॉर्कमध्ये आवाज थेट फिल्मच्या पट्टीवरच छापलेल्या शॉर्ट फिल्म्स दाखवल्या.

तरी गंमत बघा, १९२७ चा तो गाजलेला बोलपट ‘द जॅझ सिंगर’, त्याचा आवाज मात्र वेगळ्या डिस्कवरच होता, व्हिटाफोन नावाच्या पद्धतीच्या सोळा इंची तबकड्या, एका रिळाला एक, साधारण अकरा मिनिटांची. फिल्म तुटली की ऑपरेटर जितक्या फ्रेम गेल्या तितक्याच काळ्या फ्रेम मोजून जोडायचा, नाहीतर पुढचं सगळं रीळ ओठ एकीकडे आणि शब्द दुसरीकडे.