घरोट (खानदेशातील दगडी जाते)

घरोट म्हणजे हाताने फिरवायचे दगडी जाते. जळगावकडच्या लेवा बोलीत त्याला घरोट म्हणतात, अहिराणीत घट्या. धान्य दळण्यासाठी खानदेशातल्या घराघरात रोज पहाटे फिरणारे हे जाते आता दळणापेक्षा भरडण्याला, लग्नातल्या हळदीला आणि दाराच्या पायरीला जास्त उरले आहे.

पुढे-मागे सरकणाऱ्या वरवंट्याऐवजी गोल फिरणारी तळी, म्हणजे जात्याचा चपटा गोल दगड, ही दख्खनमध्ये सातवाहन काळापासून दिसते. नेवाशाच्या उत्खननात त्या काळच्या थरांत अशी जाती मिळाली आहेत. घडणीसाठी दगड शोधत लांब जावे लागत नाही. तापीच्या खोऱ्यातली काळी माती ज्या बेसाल्टपासून झाली, तोच काळा पाषाण सातमाळा आणि सातपुड्याच्या पायथ्याशी उघडा पडलेला असतो.

घरोटाची खालची तळी जमिनीवर पक्की बसते. तिच्या मधोमध खीळ. वरच्या तळीच्या तोंडात आडवी लाकडी माकडी असते, ती या खिळीवर टेकते आणि तळी फिरते. काठाजवळ हाताने धरायचा खुंटा. एका हाताने खुंटा ओढायचा, दुसऱ्या हाताने तोंडात मूठमूठ धान्य वैरायचे. वैरण जास्त झाली की पीठ जाड पडते, कमी झाली की दगडावर दगड घासतो. रिकामे जाते ओढू नये असे म्हातारी माणसे सांगतात. लोक त्याला अपशकुन समजतात, पण त्यामागचे कारण अगदी व्यवहारी आहे: रिकामी तळी फिरली की दगडाची कच पिठात उतरते. डाळ करायची असेल तर खिळीवर चिंधी गुंडाळून वरची तळी जराशी उचलून घेतात. मग तूर फुटते, पण तिचे पीठ होत नाही. एका चिंधीच्या जाडीवर पीठ की डाळ हे ठरते, एवढे हे यंत्र नाजूक आहे.

दळून दळून दगड गुळगुळीत झाला की त्याला टाकी लावावी लागते, म्हणजे छिन्नीने बारीक खड्डे पाडून तो पुन्हा खरखरीत करावा लागतो. टाकणकार, पाथरवट, वडार ही कारागीर मंडळी छिन्नी-हातोडी घेऊन गावोगाव हिंडत. टाकणकारांचे नावच या कामावरून पडले. टाकी लावल्यावर पहिल्या दोन-चार मुठी भरडा दळून तो गुरांना घालतात, कारण त्यात कच असते.

खानदेशाचे जेवण या दगडाभोवतीच जमले. रब्बीच्या दादर ज्वारीची भाकरी, ज्वारी आणि उडीद एकत्र दळून केलेली कळण्याची भाकरी, उन्हाळ्यातल्या बिबड्या (ज्वारीचे पापड), सगळ्याची सुरुवात घरोटापाशी. आणि गाण्याचीही. मांडीवर झोपलेले लेकरू, बाहेर अजून अंधार, दोघी जावा एकच खुंटा धरून समोरासमोर बसलेल्या, अशा वेळी ओव्या सुचत. आसोद्याच्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) यांची एक प्रसिद्ध कविता घरोटालाच उद्देशून आहे. त्यांना लिहिता-वाचता येत नव्हते. मुलगा सोपानदेव आणि सोपानदेवांचे मावसभाऊ पितांबर चौधरी यांनी गाणी टिपून घेतली म्हणून ती राहिली आणि १९५२ मध्ये आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह छापली गेली. ज्यांच्या ओव्या टिपायला असे कोणी नव्हते त्या बायकांची गाणी पिठाबरोबरच सरली, ही खानदेशाची मोठी हानी आहे.

पिठाची चक्की गावात आली, आधी डिझेल इंजिनावर आणि नंतर विजेवर, तेव्हा घरोट मागे पडला. बायकांच्या खांद्यांवरचे ओझे उतरले; त्याबद्दल हळहळण्याचे काही कारण नाही. चक्कीतही दोन दगडच एकमेकांवर फिरतात आणि त्यांनाही टाकी लावावी लागते, हे मात्र लक्षात ठेवण्यासारखे आहे.

घरोट फेकून मात्र कोणी दिला नाही. उन्हाळ्यात डाळी भरडायला तो अजून काढला जातो. लग्नघरी हळद दळण्याआधी जात्याला आंब्याची पाने, हळकुंड आणि सुपारी बांधतात, पाच सुवासिनी खुंट्याला हात लावतात आणि मगच हळद पडते. हळद बाजारातून दळून आणलेली असली तरी मूठभर तरी घरोटातून काढतातच. फुटलेल्या तळ्या तुळशीच्या ओट्याला, मोरीला, कपडे धुवायला लागतात. अलीकडे हॉटेलांच्या आणि बंगल्यांच्या दारात शोभेसाठी घरोट मांडतात, पण वरची तळी सिमेंटने कायमची चिकटवलेली असते. माकडी नसलेला, न फिरणारा घरोट पाहून वाईट वाटते. वरची तळी मोकळी ठेवली असती तर तो पुन्हा चालवता आला असता.

जुन्या गावात दारापुढची पायरी गोल आणि मधोमध भोक असलेली दिसली तर जरा वाकून पाहावे. भोकापासून कडेपर्यंत टाकीचे बारीक खड्डे अजून हाताला लागतात, आणि काठाजवळ खुंट्याचे दुसरे लहान भोक असते, बहुधा मातीने भरलेले.