श्वास घेणारा चंद्र कुठे ठेवायचा?

माझी भाची नववीत आहे आणि सध्या एक कादंबरी लिहिते आहे. तिच्या कल्पनेतल्या जगाच्या आभाळात एक जिवंत चंद्र आहे. तो श्वास घेतो, त्याच्या उच्छ्वासाची वाफ दूरवर पसरते आणि तिथली माणसं त्यावर वेळ मोजतात. गेल्या रविवारी तिने विचारलं, "मामा, असा चंद्र असू शकतो का, की जादू म्हणून सोडून देऊ?" मी म्हटलं, जादू राहू दे. आधी सांग, तुझा चंद्र फिरतो कोणाभोवती, आणि त्याच्या सोबतीला कोण आहे?

चंद्र जिवंत राहणार की नाही, हे बरंचसं या दोन प्रश्नांवर ठरतं.

इथे जिवंत म्हणजे पोटात ऊब शिल्लक असलेला. लहान गोळे लवकर निवतात. पातेल्यातला भात तासभर गरम राहतो, ताटातली मूद बघता बघता गार होते, तसंच. आपला चंद्र असाच निवत गेला. मग शनीचा एन्सेलॅडस हा चिमुकला चंद्र तर कधीच गोठून जायला हवा होता. त्याचा व्यास अवघा ५०४ किलोमीटर, म्हणजे आपल्या चंद्राच्या जेमतेम सातवा हिस्सा. त्याच्या पृष्ठभागाचं तापमान उणे २०० अंश सेल्सिअसच्या आसपास असतं. पण २००५ साली कॅसिनी यानाला त्याच्या दक्षिण ध्रुवावरच्या चार लांबलचक भेगांमधून पाण्याची वाफ आणि बर्फाचे कण अवकाशात उसळताना दिसले. बर्फाच्या कवचाखाली त्याच्या सर्वांगभर खारा समुद्र आहे. शनीभोवतीचं 'ई' कडं याच फवाऱ्यांतून तयार झालेलं आहे.

ही ऊब येते कुठून, हा या साऱ्या विषयातला मला सर्वात आवडणारा भाग आहे.

लोखंडी तार हातात धरून पुन्हा पुन्हा वाकवली की वाकलेली जागा चटका बसण्याइतकी तापते. ग्रह आपल्या चंद्राला असाच वाकवत असतो. चंद्राच्या जवळच्या बाजूवर ग्रहाची ओढ जास्त असते, लांबच्या बाजूवर कमी. या फरकामुळे चंद्र किंचित ताणला जातो. आपल्याकडे समुद्राला भरती येते तीही याच फरकामुळे. कक्षा अगदी वर्तुळाकार असेल आणि चंद्राची एकच बाजू कायम ग्रहाकडे असेल, तर हा ताण बदलत नाही. तार वाकवून नुसती धरून ठेवल्यासारखं ते होतं, उष्णता निर्माण होत नाही. कक्षा लंबगोल असेल तर चंद्र जवळ आला की जास्त ताणला जातो, दूर गेला की सैलावतो. दर फेरीला त्याची कणीक मळली जाते.

पण या मळण्यातच कक्षेचा लंबगोलपणा खर्ची पडतो. कक्षा हळूहळू वर्तुळाकार होते आणि सगळं थंड पडतं. म्हणून सोबती लागतो. आयो, युरोपा आणि गॅनिमीड हे गुरूचे चंद्र. आयोच्या दोन फेऱ्या होईतो युरोपाची एक होते, आणि युरोपाच्या दोन होईतो गॅनिमीडची एक. त्यामुळे आयो आणि युरोपा कक्षेच्या ठरावीक भागातच एकमेकांजवळ येतात. झोक्याला दरवेळी नेमक्या क्षणी हलका धक्का द्यावा, तसा तो हिसका साठत जातो आणि आयोची कक्षा वर्तुळाकार होऊ देत नाही. या उष्णतेची किंमत शेवटी गुरू चुकवतो, त्याचं स्वतःभोवतीचं फिरणं अतिशय सावकाश मंदावत जातं.

स्टॅन्टन पील, पॅट्रिक कॅसन आणि रे रेनॉल्ड्स या शास्त्रज्ञांनी हे गणित मांडून आयो आतून वितळलेला असावा, असं भाकीत केलं. त्यांचा शोधनिबंध २ मार्च १९७९ रोजी प्रसिद्ध झाला. ५ मार्चला व्हॉयेजर १ हे यान गुरूजवळून गेलं, आणि ८ मार्चला त्याने टिपलेल्या एका छायाचित्रात मोहिमेतल्या अभियंता लिंडा मोराबिटो यांना आयोच्या कडेवर ज्वालामुखीचा फवारा दिसला. आठवड्याभरात खरं ठरलेलं असं भाकीत विज्ञानाच्या इतिहासात क्वचितच सापडतं.

आता थोडं गणित. चंद्राची घडण तीच धरली, तर ही उष्णता लंबगोलपणाच्या वर्गाच्या, त्रिज्येच्या पाचव्या घाताच्या आणि परिभ्रमणाच्या वेगाच्याही पाचव्या घाताच्या पटीत वाढते. (वेग म्हणजे ठरावीक काळातल्या फेऱ्या.) आपल्या चंद्राची कक्षा आयोच्या कक्षेहून तेरापट लंबगोल आहे, म्हणजे वर्ग करून जवळपास १८० पट फायदा आपल्याकडे. पण आपल्या चंद्राला एका फेरीला २७.३ दिवस लागतात, आयोला १.७७. गुणोत्तर १५.४, आणि त्याचा पाचवा घात, म्हणजे आयोचा फायदा, साडेआठ लाखांहून जास्त. दोघांचा आकार जवळजवळ सारखा आहे, ग्रहापासूनचं अंतरही फार वेगळं नाही. फरक एवढाच की आयोच्या वाट्याला ३१८ पृथ्व्यांच्या वजनाचा ग्रह आला आहे, म्हणून तो इतक्या वेगाने फिरतो.

घडणही महत्त्वाची आहेच. शनीचा दुसरा एक चंद्र, मायमस, एन्सेलॅडसहून शनीच्या जवळ आहे आणि त्याची कक्षाही जास्त लंबगोल आहे, पण वरून तो खड्ड्यांनी भरलेला थंड गोळाच दिसतो. गार, कडक बर्फ वाकत नाही, म्हणून तापत नाही. आधीच ऊबदार असलेला मऊ बर्फ वाकतो आणि आणखी तापतो. तरी २०२४ मध्ये मायमसच्या कक्षेतल्या बारीक बदलांवरून कवचाखाली अलीकडेच तयार झालेला समुद्र असल्याचं दिसून आलं. मायमस बहुधा आत्ता कुठे जागा होतो आहे.

भरतीवरून आठवलं, "शरीरात सत्तर टक्के पाणी, म्हणून पौर्णिमेला माणसाच्या मनाला भरती येते" हे वाक्य मी शिकलेल्या लोकांकडूनही ऐकतो. भरती पाण्यामुळे येत नाही, दोन टोकांवरच्या ओढीतल्या फरकामुळे येते, आणि त्यासाठी आकार पृथ्वीएवढा लागतो. गावच्या तळ्यातही दिसण्याजोगी भरती येत नाही, मग पावणेदोन मीटरच्या माणसात कुठून येणार? पौर्णिमेच्या नावाखाली मनोरुग्णाला मांत्रिकाकडे नेणं हा त्याच्यावर अन्याय आहे. एन्सेलॅडसच्या बातम्यांबाबतही सावध राहायला हवं. तिथे हायड्रोजन सापडला (२०१७), फॉस्फेट सापडलं (२०२३). हे जीवसृष्टीला लागणारं सामान झालं, जीवसृष्टी नव्हे.

तर भाचीचा चंद्र. एन्सेलॅडस खरोखरच श्वास घेतो. शनीभोवतीची फेरी तो सुमारे ३३ तासांत पूर्ण करतो, आणि त्या प्रत्येक फेरीत त्याचे फवारे वाढतात व ओसरतात. दूरच्या टोकाकडे भेगा ताणल्या जाऊन फवारे जोरात येतात, शनीजवळ आला की भेगा आवळतात. त्याची लय टिकवणारा सोबती आहे शनीचाच आणखी एक चंद्र, डायोनी. एन्सेलॅडसच्या दोन फेऱ्यांत डायोनीची एक होते.

मी तिला सुचवलं, तुझी माणसं डायोनीसारख्या चंद्रावर वसव, कारण शनीला पाय टेकायला जमीनच नाही. तिथून शनी आपल्या चंद्राच्या सुमारे पस्तीसपट रुंद दिसेल आणि आभाळात जवळजवळ एकाच जागी टांगलेला राहील. श्वास घेणारा चंद्र त्याच्या दोन्ही बाजूंना जास्तीत जास्त ३९ अंशांपर्यंत झुलेल. पलीकडच्या गोलार्धाच्या मध्यावर जन्मलेल्यांना मात्र त्याच्याबद्दल फक्त ऐकायला मिळेल. दर ६६ तासांनी तो सर्वात जवळ येईल, पण नेमका तेव्हाच तो शनीच्याही जवळ असेल, म्हणजे भेगा आवळलेल्या आणि श्वास अगदी मंद.

"म्हणजे तो जवळ आला की श्वास रोखून धरतो," ती म्हणाली, आणि वही ओढून लिहायला बसली.