एका खात्याचे दोन मंत्री: बेयेन आणि लुन्स

सप्टेंबर 1952 ते ऑक्टोबर 1956 या काळात नेदरलँड्सच्या मंत्रिमंडळात परराष्ट्र व्यवहार सांभाळणारे दोन मंत्री होते. योहान विलेम बेयेन हे खात्याचे अधिकृत मंत्री, तर जोसेफ लुन्स हे त्याच खात्यात काम करणारे बिनखात्याचे मंत्री होते. मात्र देशाबाहेर लुन्स यांनाही परराष्ट्रमंत्री म्हणून वावरण्याची मुभा होती. दोघेही कायदा शिकलेले, दोघेही पंतप्रधान विलेम ड्रेस यांच्या मंत्रिमंडळात एकाच दिवशी आलेले. साहजिकच त्या काळातल्या युरोपीय घडामोडींबद्दल लिहिताना एकाचे काम दुसऱ्याच्या नावावर मांडले जाते. या गोंधळात नुकसान बहुधा बेयेन यांचे होते, कारण लुन्स पुढे आणखी पंधरा वर्षे परराष्ट्रमंत्री राहिले आणि त्यांचे नाव सर्वांच्या परिचयाचे झाले.

अशी विचित्र व्यवस्था करण्याचे कारण अंतर्गत राजकारणात होते. 1952 च्या निवडणुकीनंतर सरकार बनवताना कॅथलिक पक्षाने परराष्ट्र खात्यावर हक्क सांगितला. ड्रेस मजूर पक्षाचे. फ्रान्समध्ये शूमां, जर्मनीत आडेनाउअर, इटलीत दे गास्पेरी असे कॅथलिक नेते युरोपीय एकीकरणाची सूत्रे हलवत असताना आपलाही परराष्ट्रमंत्री कॅथलिकच असावा, ही कल्पना अनेक प्रॉटेस्टंट आणि समाजवादी नेत्यांना रुचत नव्हती. तडजोड अशी निघाली की खाते कोणत्याही पक्षात नसलेल्या बेयेन यांच्याकडे द्यायचे आणि कॅथलिक पक्षाच्या लुन्स यांना जोडीला बसवायचे. देशाला दोन परराष्ट्रमंत्री कशासाठी, या प्रश्नावर लुन्स यांनी दिलेले उत्तर आजही सांगितले जाते: आमचा देश फार लहान, म्हणून आमच्यासाठी परदेश फार मोठा. उत्तर हजरजबाबी आहे, पण खरे कारण त्यात अर्थातच नाही.

कायद्याची पदवी हे दोघांमधले साम्य वरवरचे आहे. 1897 मध्ये जन्मलेल्या बेयेन यांनी उत्रेख्त येथे कायद्याची डॉक्टरेट मिळवली आणि ते थेट अर्थखात्यात गेले. तिथून फिलिप्स कंपनी, मग बँकिंग, आणि 1937 मध्ये बाझल येथील बँक फॉर इंटरनॅशनल सेटलमेंट्स या मध्यवर्ती बँकांच्या बँकेचे अध्यक्षपद, असा त्यांचा प्रवास झाला. त्यांच्या कारकिर्दीतला सर्वांत अडचणीचा प्रसंग याच पदावरचा आहे. मार्च 1939 मध्ये जर्मनीने प्राग ताब्यात घेतल्यावर चेकोस्लोव्हाकियाच्या मध्यवर्ती बँकेचे सुमारे 23 टन सोने या बँकेमार्फत राइशबँक या जर्मन मध्यवर्ती बँकेच्या नावे वर्ग झाले. आदेश कागदोपत्री नियमाप्रमाणे आला होता, एवढाच बचाव पुढे केला गेला. बँकिंगच्या नियमांत तो बसत असेल, पण त्या वर्षीच्या युरोपात तो अपुराच होता. युद्धकाळात बेयेन युनिलिव्हरमध्ये होते आणि लंडनमधील निर्वासित डच सरकारला आर्थिक सल्ला देत होते. 1944 मध्ये युद्धोत्तर चलनव्यवस्था ठरवणाऱ्या ब्रेटन वुड्स परिषदेत डच शिष्टमंडळाचे नेतृत्व त्यांनी केले, आणि मंत्री होण्याआधीची वर्षे जागतिक बँक व आंतरराष्ट्रीय नाणेनिधीच्या कार्यकारी संचालकपदावर काढली.

लुन्स त्यांच्याहून चौदा वर्षांनी लहान. लायडन आणि ॲमस्टरडॅम येथे कायदा शिकून ते परराष्ट्र सेवेत शिरले आणि बर्न, लिस्बन, लंडन अशा नेमणुका करून संयुक्त राष्ट्रांतील डच शिष्टमंडळात पोहोचले. थोडक्यात, एक पैशाच्या व्यवहारात मुरलेला, दुसरा दूतावासांच्या दिवाणखान्यात. खात्यातली कामाची वाटणीही त्याला धरूनच झाली. युरोपीय एकीकरण आणि त्यातले आर्थिक प्रश्न बेयेन यांच्याकडे, तर द्विपक्षीय संबंध, बेनेलक्स (बेल्जियम, नेदरलँड्स आणि लक्झेंबर्ग यांचा गट) आणि संयुक्त राष्ट्रे लुन्स यांच्याकडे. दोघांचे आपसांत फारसे जमत नसे.

आता मूळ गोंधळाकडे येऊ. सामाईक बाजारपेठेची कल्पना डच बाजूने कोणी मांडली? युरोपीय आर्थिक समुदाय स्थापन करणाऱ्या, 25 मार्च 1957 रोजी झालेल्या रोमच्या करारावर नेदरलँड्सतर्फे लुन्स आणि लिंटहॉर्स्ट होमन यांच्या सह्या आहेत, म्हणून पुष्कळ जण लुन्स यांचे नाव घेतात. तो करार ज्या आराखड्यावर उभा आहे, तो मात्र बेयेन यांचा होता आणि तो त्यांनी मंत्री झाल्यावर काही महिन्यांतच, डिसेंबर 1952 मध्ये, कोळसा-पोलाद समुदायातील इतर पाच देशांपुढे (फ्रान्स, पश्चिम जर्मनी, इटली, बेल्जियम, लक्झेंबर्ग) ठेवला होता.

हा आराखडा नेमका काय होता, हे समजल्याशिवाय बेयेन यांचे वेगळेपण कळत नाही. त्या वेळी या सहा देशांचा कोळसा आणि पोलाद यांचा समुदाय अस्तित्वात आला होता, आणि त्याचे फ्रेंच शिल्पकार जाँ मोने यांच्यासारख्यांचा कल असा होता की एकेक क्षेत्र घेऊन पुढे जावे: आधी कोळसा, मग वाहतूक, मग अणुऊर्जा. बेयेन यांना हे पटत नव्हते. एका क्षेत्रातले निर्बंध उठवले की त्याचा ताण शेजारच्या क्षेत्रावर पडतो आणि प्रश्न सुटण्याऐवजी सरकतो, असे त्यांचे म्हणणे होते. म्हणून सर्व मालासाठी एकच सीमाशुल्क संघ असावा, सहा देशांनी आपसांतले आयात शुल्क ठरलेल्या मुदतीत संपवावे आणि बाहेरच्या जगासाठी सर्वांचा शुल्कदर एकच ठेवावा, अशी त्यांची मागणी होती. साध्या मुक्त व्यापार क्षेत्रात प्रत्येक देश बाहेरच्या मालावर आपापला दर ठेवतो. मग माल कमी दराच्या बंदरातून आत येऊन जास्त दराच्या देशात जाऊ नये म्हणून आतल्या सीमांवर तपासणी ठेवावीच लागते. सामाईक बाह्य दर असेल, तर रॉटरडॅमला उतरलेला माल मिलानपर्यंत जाताना पुन्हा शुल्क घेण्याचे कारण उरत नाही. 1930 च्या दशकात एकेका देशाने उभारलेल्या शुल्कांच्या भिंती बेयेन यांनी बँकेच्या खुर्चीतून पाहिल्या होत्या, त्यामुळे तात्पुरत्या सवलतींवर त्यांचा विश्वास नव्हता.

1952 ची योजना त्या वेळी बाजूला पडली, कारण ती सहा देशांचे सामाईक सैन्य उभारू पाहणाऱ्या संरक्षण समुदायाच्या आणि त्याच्या जोडीच्या राजकीय समुदायाच्या चर्चेला बांधली गेली होती, आणि ऑगस्ट 1954 मध्ये फ्रेंच संसदेने संरक्षण समुदाय फेटाळल्यावर तो सगळाच डोलारा कोसळला. बेयेन यांनी योजना तेवढी वाचवली. एप्रिल 1955 मध्ये त्यांनी ती बेल्जियमचे परराष्ट्रमंत्री स्पाक आणि लक्झेंबर्गचे बेक यांच्याकडे नव्याने पाठवली. स्पाक यांना मोने यांचा क्षेत्रवार मार्ग जवळचा होता, म्हणून मे महिन्यातल्या बेनेलक्सच्या संयुक्त निवेदनात दोन्ही मार्ग एकत्र आले, आणि 1 ते 3 जून 1955 रोजी इटलीतील मेसिना येथे सहा परराष्ट्रमंत्र्यांनी त्यावर पुढे काम करण्याचे ठरवले. बेयेन यांना सप्टेंबर 1952 मध्ये निवडताना ड्रेस यांना युरोपबद्दल फार उत्साह नसलेला, हिशेबी मंत्री हवा होता. निवड पुरती चुकली, असेच म्हणावे लागेल.

ऑक्टोबर 1956 मध्ये बेयेन पायउतार झाले आणि खाते पूर्णपणे लुन्स यांच्याकडे आले, त्यामुळे पाच महिन्यांनी सही करण्याचा मान त्यांना मिळाला. बेयेन पुढे पॅरिसमध्ये राजदूत झाले. लुन्स यांचे स्वतःचे योगदान कमी नाही, फक्त ते वेगळ्या जागी आहे: 1962 मध्ये फ्रान्सचे अध्यक्ष द गॉल यांना हव्या असलेल्या, सहा देशांच्या राजकीय संघाच्या फूशे योजनेला ब्रिटनच्या सहभागाशिवाय मान्यता देण्यास त्यांनी नकार दिला आणि स्पाक यांच्यासह ती रोखली. त्याच वर्षी पश्चिम न्यू गिनी ही डच वसाहत सोडण्याची वेळही त्यांच्यावर आली. तो वाचवण्यासाठी त्यांनी अमेरिकेच्या पाठिंब्यावर नको इतकी भिस्त ठेवली होती.

लुन्स यांची आणखी एका नावाशी गल्लत होते. 1948 ते 1952 या काळातले परराष्ट्रमंत्री डिर्क स्टिकर हेही कायदा शिकलेले होते, बेयेन यांच्यासारखे त्यांनीही बँकेत काम केले होते, आणि लुन्स यांच्यासारखे तेही नाटोचे सरचिटणीस झाले. स्टिकर 1961 ते 1964, लुन्स 1971 ते 1984. शिवाय 1950 ची ‘स्टिकर योजना’ ही बेयेन योजनेहून अगदी वेगळी, उद्योगवार शुल्ककपातीची होती. म्हणून 1955 च्या एखाद्या लेखात ‘डच परराष्ट्रमंत्री’ एवढाच उल्लेख आढळला, तर विषय पाहावा. आयात शुल्क, चलन किंवा मेसिना यांची चर्चा असेल, तर तो मंत्री बेयेन. संयुक्त राष्ट्रांचा किंवा एखाद्या राजधानीतल्या वाटाघाटींचा विषय असेल, तर बहुधा लुन्स.