मेसियेच्या यादीतल्या दीर्घिका आणि एम१०२ चा न सुटलेला घोळ

शार्ल मेसिये या १८ व्या शतकातल्या फ्रेंच धूमकेतू-शोधकाच्या ११० आकाशस्थ वस्तूंच्या यादीत दीर्घिका (गॅलेक्सी) किती, असं विचारलं तर कुठे ४० सापडतं, कुठे ३९. ही टायपिंगची चूक नाही, एक नंबर, एम१०२, खरोखरच वादात आहे ('एम' म्हणजे मेसियेच्या यादीतला क्रमांक). पण त्याआधी या दीर्घिका शोधल्या कोणी हे बघायला हवं, कारण नाव एकाचं लागलंय आणि रात्री जागवल्यात बऱ्याच जणांनी.

देवयानी दीर्घिकेचा (एम३१) धूसर ठिपका १० व्या शतकातल्या पर्शियन निरीक्षकाने नोंदवलेला, तो धरला तर यादीतली सगळ्यात जुनी नोंद तीच. पुढे तिच्या शेजारची एम३२ १७४९ मध्ये एका फ्रेंच माणसाला दिसली, हाच पुढे शुक्राचं अधिक्रमण (सूर्यबिंबावरून शुक्र सरकताना) बघायला पाँडिचेरीला येऊन थांबला आणि १७६९ ला ऐन वेळी ढग आले. एम८३ सापडली १७५२ मध्ये दक्षिण आफ्रिकेच्या केपवरून. पॅरिसहून ती क्षितिजापासून जेमतेम ११ अंश वर येते, आपल्याकडे पुण्यातून चांगली ४१ अंशांवर, त्यामुळे ती दुर्बिणीत पाहताना मेसियेला तिने किती छळलं असेल हे आपल्याला इथून कळत नाही. एम८१-एम८२ ही जोडी १७७४ च्या शेवटच्या रात्री जर्मनीतून सापडली. १७७९ साली एक धूमकेतू कन्या राशीतून गेला आणि त्याच्या मागे असलेल्या निरीक्षकांना एम५८, एम५९, एम६०, एम६१ अशा एकापाठोपाठ मिळत गेल्या, त्यातली फक्त एम५८ मेसियेची. एम६१ त्यालाही त्याच रात्री दिसली होती, पण काही दिवस तो तिला धूमकेतूच समजत राहिला.

आता पिएर मेशां. वयाने मेसियेपेक्षा १४ वर्षांनी लहान, पॅरिसमधलाच. एम६३, एम७४, एम७७, एम९४ ते एम९६, एम९८ ते एम१०१, एम१०४ ते एम१०६ आणि आणखी काही धरून यादीतल्या १६ दीर्घिका याच्या. मेसियेच्या स्वतःच्या १४, आणि त्यातली एम३३ सुद्धा बहुधा त्याच्या शंभरेक वर्षं आधी सिसिलीत कोणीतरी पाहिलेली. म्हणजे दीर्घिकांपुरतं बोलायचं तर या यादीचा मोठा शोधक मेशां आहे, आणि हे अजून पुरेसं सांगितलं जात नाही असं मला मनापासून वाटतं. तो १८०४ मध्ये स्पेनमध्ये मोजणीच्या कामावर असताना पीतज्वराने गेला.

घोळ झाला तो १७८१ मध्ये. मेसियेने एप्रिलमध्ये १०० नंबर पूर्ण केले होते, यादी छपाईला जायची होती आणि मेशांने सांगितलेल्या तीन वस्तू त्याने स्वतः न तपासता शेवटी टाकल्या, १०१, १०२ आणि १०३. १०२ चं वर्णन असं, की भूतप तारकासमूहातला ओमायक्रॉन आणि कालेय तारकासमूहातला आयोटा या ताऱ्यांच्या मधे, फार पुसट, जवळ सहाव्या प्रतीचा (नुसत्या डोळ्यांना जेमतेम दिसणारा) तारा. आता हे दोन तारे एकमेकांपासून ४० अंशांहून जास्त लांब आहेत, त्यांच्या 'मधे' म्हणजे कुठे? म्हणून बरेच जण म्हणतात की ओमायक्रॉन नाही, ते थीटा असणार, हाताने लिहिताना दोन्ही ग्रीक अक्षरं सारखीच दिसतात. थीटा धरला की त्या पट्ट्यात एनजीसी ५८६६ ही दीर्घिका (एनजीसी ही नंतरची मोठी यादी) येते, कडेने दिसणारी, सुमारे ५ कोटी प्रकाशवर्षांवरची, आणि मेशांच्या दुर्बिणीत दिसण्याइतकी तेजस्वी. आजच्या बहुतेक याद्यांत आणि मार्च-एप्रिलमध्ये वांगणीसारख्या ठिकाणी होणाऱ्या मेसिये मॅरेथॉनमध्येही (एका रात्रीत पूर्ण यादी बघायचा प्रयत्न) एम१०२ म्हणून हीच टिक केली जाते. ती नाही धरली तर तिच्या शोधाचं श्रेय १७८८ च्या विल्यम हर्शेलकडे जातं.

पण स्वतः मेशांने ६ मे १७८३ ला बर्लिनला पत्र लिहून सांगितलंय की १०२ ही निव्वळ चूक आहे, ती आधीची १०१ च आहे, नकाशातल्या चुकीमुळे मेसियेची गल्लत झाली. पत्र छापलंही गेलं. आणि १९४७ मध्ये कॅनडातल्या एका संशोधिकेने एम१०५, एम१०६, एम१०७ हे नंबर वाढवले ते याच पत्राच्या आधारावर! मग पत्रातल्या नव्या वस्तू घ्यायच्या आणि त्याच पत्रातली माघार मात्र सोडून द्यायची, हे कसं चालेल? थीटाचा मुद्दा मला पटतो, जागा खरंच छान जुळते, आणि मेशांने दोन वर्षांनी आठवणीवरून लिहिताना गफलत केली असंही होऊ शकतं. तरी ज्याने पाहिलं त्याचा लेखी शब्द आपल्याकडे आहे आणि समोर फक्त एका अक्षराबद्दलचा अंदाज. माझं मत ३९ च्या बाजूला आहे.

एम९१ चा घोळ याच्याइतका जुना पण सुटलेला. १८ मार्च १७८१ च्या एकाच रात्री मेसियेने कन्या समूहातल्या एम८४ ते एम९१ नोंदवल्या, त्यातल्या शेवटच्या जागी काहीच सापडत नव्हतं. १९६९ मध्ये टेक्सासच्या एका हौशी निरीक्षकाने दाखवून दिलं की मेसियेने अंतर मोजलं एम५८ पासून आणि लिहिताना धरलं एम८९ पासून, तो फरक दुरुस्त केला की एनजीसी ४५४८ बरोबर हाती लागते. इथे पुरावा आकड्यांचा आहे, म्हणून कोणी भांडत नाही.

१०४ पासूनचे सगळे नंबर २० व्या शतकातले. मेसियेच्या स्वतःच्या प्रतीतली हस्तलिखित नोंद बघून १९२१ मध्ये एम१०४ आली, १०८ आणि १०९ हे १९५० च्या दशकात एका अमेरिकन इतिहासकाराने सुचवले, आणि एम११० तर १९६० च्या दशकात. ही देवयानीची दुसरी सोबतीण मेसियेने १७७३ मध्येच पाहिली होती, १८०७ मध्ये छापलेल्या चित्रात काढलीही होती, पण यादीत कधी घातली नाही, आणि मधल्या काळात, १७८३ मध्ये, कॅरोलिन हर्शेलने ती स्वतंत्रपणे शोधली.